अर्धवट कार्ट्रिज, पूर्ण किंमत

'पोकेमॉन एक्स' आणि 'पोकेमॉन वाय' हे निन्टेन्डो थ्रीडीएसचे गेम १२ ऑक्टोबर २०१३ रोजी जगभर एकाच दिवशी विक्रीला आले. या खेळात ल्युमिओस सिटी नावाचं एक भलंमोठं शहर आहे. त्या शहराच्या ठरावीक रस्त्यांवर उभं राहून कुणी गेम सेव्ह केला, तर पुढच्या वेळी तो जागचा हलायचाच नाही. मुलांनी रात्री जागून जमवलेले पोकेमॉन, जिंकलेले बिल्ले, सगळं त्या एका सेव्हमध्ये अडकून बसायचं. २५ ऑक्टोबरला १.१ क्रमांकाचं अपडेट आलं. चूक दुरुस्त झाली, अडकलेले सेव्हही सुटले. दोन आठवड्यांच्या आत दुरुस्ती मिळाली, हे कंपनीच्या बाजूनं मोकळेपणानं नोंदवायला हवं.

पण ती दुरुस्ती गेली कुठे, ते बघा. कार्ट्रिजमध्ये ती गेलीच नाही. ती गेली कन्सोलमधल्या एसडी कार्डावर. आज कुणी जुन्या बाजारातून पहिल्या खेपेचं कार्ट्रिज घेतलं, कपाटातला थ्रीडीएस काढून त्यात खोचलं, तर त्याच्या हातात येतो तो ऑक्टोबर २०१३ मधला, दोषासकटचा गेम. दुरुस्ती हवी तर कंपनीच्या सर्व्हरचं दार ठोठवायचं. ते दार आज उघडं आहे. उद्याचं कुणीही लिहून दिलेलं नाही.

म्हणून आज सरळ बोलायचं आहे. अपडेट ही कंपनीची मेहेरबानी नव्हे. तो विकलेल्या मालाचाच भाग आहे. शिंप्यानं शिलाई पूर्ण घ्यायची, सदरा एका बाहीचा द्यायचा आणि 'दुसरी बाही दुकान सुरू असेल तोवर येऊन न्या' म्हणायचं, हे आपण एक दिवस चालवून घेणार नाही. हातात मावणाऱ्या कन्सोलच्या धंद्यात मात्र हे गेली बारा-पंधरा वर्षं बिनबोभाट चाललं आहे.

पूर्वी असं नव्हतं. १९८९ साली गेम बॉय आला तेव्हा अपडेट हा प्रकारच नव्हता. चिपमध्ये जे उतरलं ते कायमचं. त्यामुळे कारखान्यात पाठवण्याआधी गेम तपासणाऱ्यांचा जीव टांगणीला लागायचा. तरी चूक राहिलीच, तर ती पुढच्या छपाईत सुधारली जायची. 'लिंक्स अवेकनिंग' या १९९३ च्या झेल्डा गेममध्ये एका पडद्यावरून दुसऱ्या पडद्यावर जाताना नेमक्या क्षणी सिलेक्ट बटण दाबलं, की खेळाचा नायक लिंक भलत्याच ठिकाणी पोचायचा. नंतरच्या कार्ट्रिजमध्ये ही फट बुजवली गेली. आधी घेतलेल्यांच्या नशिबी ती राहिली. पण त्यांच्या हातात जे होतं, ते पुरतं त्यांचं होतं. तीस वर्षांनी ते कार्ट्रिज खोचा, तोच गेम सुरू होतो. कुणाच्या परवानगीची गरज पडत नाही.

आणि चूक फारच मोठी निघाली तर? त्यावरही इलाज शोधला गेला होता. २००२ च्या 'पोकेमॉन रुबी' आणि 'सॅफायर'मध्ये घड्याळाचा दोष होता. खेळायला लागून साधारण वर्ष झालं, की बेरीची झाडं वाढायची थांबायची. बेरी पेरायच्या, झारीनं पाणी घालायचं, दुसऱ्या दिवशी येऊन बघावं तर मातीत काही हालचाल नाही. गेम बॉय ॲडव्हान्सला इंटरनेट नव्हतं. कंपनीनं काय करावं? २००४ मध्ये आलेल्या 'फायररेड', 'लीफग्रीन' आणि 'एमराल्ड' या पुढच्या गेमच्या पोटातच तिनं ही दुरुस्ती घालून पाठवली. मित्राकडे 'फायररेड' असलं की दोन गेम बॉय लिंक केबलनं जोडायचे, सांगितलेली बटणं दाबायची, आणि दुरुस्ती त्याच्या यंत्रातून तुमच्या यंत्रात यायची. झाडं पुन्हा वाढू लागायची. वर्गातल्या एका मुलाकडे नवं कार्ट्रिज असलं, तरी सगळ्या वर्गाचं काम भागायचं.

हा इलाज आजही चालतो. कंपनीचा शेवटचा सर्व्हर ज्या दिवशी बंद होईल, त्या दिवशीही चालेल.

सोनीनंही हे करून दाखवलं होतं. डिसेंबर २००४ मध्ये जपानात आलेल्या पीएसपी या तिच्या हातातल्या कन्सोलवर नव्या गेमला नवं सिस्टिम सॉफ्टवेअर लागायचं, तेव्हा ते गेमच्या यूएमडी डिस्कवरच दिलेलं असायचं. घरात नेट नसलेलं पोरही डिस्क घालून यंत्र अद्ययावत करू शकायचं. दुसरा मार्गही होता. अपडेटची फाइल संगणकावर उतरवायची, यूएसबी केबलनं मेमरी स्टिकवरच्या नेमून दिलेल्या फोल्डरमध्ये टाकायची आणि पीएसपीवरून चालवायची. जानेवारी २०१५ मध्ये आलेलं ६.६१ हे शेवटचं अपडेट ज्यांनी फाइल म्हणून जपून ठेवलं आहे, त्यांना ते आजही घालता येतं. फाइल तुमच्याकडे, यंत्र तुमच्याकडे, विषय संपला.

मग ही रीत मोडली कुणी आणि का? थ्रीडीएसच्या गेमना २०१२ पासून नेटवरून पॅच मिळू लागले. सोय मोठी होती, ती नाकारण्यात अर्थ नाही. 'मारिओ कार्ट ७'मध्ये एका ट्रॅकवर पाण्यात उडी मारून निम्मी फेरी चुकवण्याची पळवाट होती. ऑनलाइन शर्यतीत सगळे तिचाच आधार घेऊ लागले. मे २०१२ मध्ये ती ऑनलाइन खेळापुरती बंद केली गेली. त्यानंतर या गेमकडे कुणी बघितलं नाही. आणि मग २०२२ मध्ये, तब्बल दहा वर्षांनी, अचानक १.२ क्रमांकाचं अपडेट आलं. कारण डिसेंबरात उघड झालं. नेटवर समोर खेळणाऱ्याच्या कन्सोलमध्ये घुसून त्याचा ताबा घेता येईल, अशी सुरक्षेची फट त्यात सापडली होती.

यातून एक गोष्ट पक्की कळते. दहा वर्षांहून जुन्या गेमला हात लावणं अशक्य नसतं. ठरवलं की जमतं.

दुसरं उदाहरण त्याहून बोलकं आहे. नोव्हेंबर २०१६ मध्ये 'ॲनिमल क्रॉसिंग: न्यू लीफ'ला एक मोठं, फुकट अपडेट मिळालं. गावाजवळ नवं कॅम्पग्राउंड आलं, तिथे गाड्या घेऊन उतरणारे पाहुणे आले, घरात सामान ठेवायला गुप्त कोठार आलं. खेळाला नवा जन्मच मिळाला. हे सगळं आत भरून कंपनीनं नवं कार्ट्रिजही दुकानात ठेवलं. म्हणजे अपडेट कार्ट्रिजवर छापता येतं! ज्यांनी २०१३ मध्ये जुनं कार्ट्रिज पूर्ण पैसे मोजून घेतलं, त्यांचा वाटा मात्र सर्व्हरवर टांगलेला राहिला.

आता सर्व्हरचं काय झालं, ते क्रमानं ऐका. मे २०२२ मध्ये थ्रीडीएसच्या ई-शॉपमध्ये क्रेडिट कार्डानं पैसे भरणं बंद. ऑगस्टच्या अखेरीस रिचार्ज कार्डं बंद. २७ मार्च २०२३ ला खरेदीच बंद. एप्रिल २०२४ मध्ये ऑनलाइन खेळ बंद. आधी घेतलेले गेम पुन्हा उतरवणं आणि अपडेट घेणं एवढंच शिल्लक आहे, तेही 'नजीकच्या काळापुरतं'. हा नजीकचा काळ किती, यावर अळीमिळी गुपचिळी. त्याआधीच्या डीएसआय यंत्राचं दुकान तर ३१ मार्च २०१७ लाच बंद झालं.

सोनीची कथा वेगळी नाही, पण तिचा धडा कामाचा आहे. २९ मार्च २०२१ रोजी सोनीनं जाहीर केलं, की प्लेस्टेशन ३, पीएसपी आणि पीएसपीनंतरचा हातातला कन्सोल व्हिटा यांची ऑनलाइन दुकानं त्याच वर्षी बंद होणार. जगभर खेळणाऱ्यांनी आवाज उठवला. तीन आठवडे झाले आणि १९ एप्रिलला सोनीच्या प्लेस्टेशन विभागाचे तेव्हाचे प्रमुख जिम रायन यांनी निर्णय चुकल्याचं कबूल करून प्लेस्टेशन ३ आणि व्हिटाची दुकानं सुरू ठेवली. पीएसपीची खरेदी २ जुलैला बंद झालीच. आवाज उठवला तर ऐकलं जातं, याचा याहून स्वच्छ पुरावा कोणता हवा? गप्प राहणाऱ्यांच्या तोंडाला मात्र पानंच पुसली जातात.

कंपन्यांची बाजू काय? एक, सर्व्हर चालवायला पैसा लागतो. दोन, जुनं यंत्र वापरणारे मूठभर उरले आहेत. तीन, सुरक्षेचा धोका असतो. तिन्ही मुद्दे खरे आहेत, आणि तिन्हींमधून काखा वर करण्याचा हक्क निघत नाही. सर्व्हर कायम चालवा, असं कुणीच म्हणत नाही. दुकान बंद करण्याआधी प्रत्येक गेमचं शेवटचं अपडेट स्वतःच्या सहीशिक्क्यासह, डिजिटल सहीसह, फाइल म्हणून खुलं करा. लोक ती एसडी कार्डावर टाकून घेतील. कंपनीचा पुढचा खर्च शून्य.

हे तंत्र जमत नाही, असं तर कुणी म्हणूच नये. निन्टेन्डोच्याच स्विच कन्सोलमध्ये जवळ बसलेल्या खेळाडूच्या यंत्रातून अपडेट थेट आपल्या यंत्रात घेण्याची सोय आहे. मधे नेट लागत नाही. २००४ ची लिंक केबल आणि स्विचची ही सोय यांच्यात तत्त्व एकच आहे. मधल्या थ्रीडीएसच्या पिढीनं काय पाप केलं होतं? तिथे एका यंत्राचं एसडी कार्ड दुसऱ्या यंत्रात घातलं तर अपडेट चालत नाही, कारण सगळं त्या-त्या यंत्राच्या कुलपात बंद असतं. दोन सख्ख्या भावांचे दोन थ्रीडीएस असले, तरी दोघांनी वेगवेगळं सर्व्हरकडे जायचं.

'जुने खेळ आहेत, गेले तर गेले' असं म्हणणारेही भेटतात. त्यांनी एक आकडा डोळ्यांखालून घालावा. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशननं २०२३ मध्ये सॉफ्टवेअर प्रिझर्व्हेशन नेटवर्कसोबत पाहणी केली. अमेरिकेत २०१० पूर्वी आलेल्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात सरळ विकत मिळत नाहीत. गेम बॉयच्या कुळातले तर सहा टक्केही मिळत नाहीत. सिनेमाच्या रिळांचं जे झालं, तेच आता आपल्या डोळ्यांदेखत खेळांचं होतं आहे. फरक एवढाच, की इथे जपायची इच्छा असलेली माणसं हजर आहेत, साधनं हजर आहेत, आणि आडवा येतो तो कायदा आणि कंपन्यांचा हट्ट.

अमेरिकेत ग्रंथालयांनी मागितलं होतं, की बाजारात न मिळणारे जुने गेम अभ्यासकांना दुरून, घरबसल्या बघता यावेत. तिथल्या कॉपीराइट कार्यालयानं ऑक्टोबर २०२४ मध्ये ती मागणी फेटाळली. गेम कंपन्यांच्या संघटनेनं विरोध केला होता. आपल्याकडे २०१२ च्या दुरुस्तीनं कॉपीराइट कायद्यात कलम ६५-अ आलं. हक्कभंगाच्या हेतूनं डिजिटल कुलूप तोडलं तर दोन वर्षांपर्यंत कैद. हेतू हा शब्द तिथे आहे, हे बरं. पण स्वतः विकत घेतलेल्या खेळाची दुरुस्ती जपून ठेवणाऱ्या माणसाला असा हेतू नव्हता हे कोर्टात सिद्ध करत बसावं लागू नये, इतकी स्पष्ट सूट कायद्यात लिहून हवी.

काही चांगलंही घडतं आहे. कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२५ पासून लागू झालेल्या कायद्यानं डिजिटल माल विकताना 'तुम्ही फक्त परवाना घेत आहात' हे ग्राहकाला आधी सांगणं बंधनकारक केलं. युरोपात 'स्टॉप किलिंग गेम्स' या मोहिमेच्या मागणीवर जुलै २०२५ मध्ये दहा लाखांहून अधिक सह्या झाल्या. मागणी साधी आहे: सेवा बंद करा, पण विकलेला खेळ खेळता येईल अशा अवस्थेत सोडून जा. जुन्या कन्सोलवरच्या अपडेटना हाच न्याय लावला पाहिजे.

आपला याच्याशी काय संबंध, असं विचाराल तर तो थेट आहे. पीएसपी आणि व्हिटा आपल्याकडे दुकानात विकले गेले. निन्टेन्डोची यंत्रं बरीचशी परदेशातल्या आत्या-मामांच्या बॅगेतून किंवा मुंबईच्या लॅमिंग्टन रोडसारख्या बाजारातून घरात आली. थ्रीडीएसला प्रदेशाचं कुलूप असतं. अमेरिकेतून आणलेलं कार्ट्रिज जपानी यंत्रात चालत नाही. त्यामुळे आपल्या घरात जे यंत्र आणि जी कार्ट्रिजं आहेत, त्यांची जोडी मोडली की नवी जुळवणं आपल्याला इतरांपेक्षा जास्त अवघड. मग आहे ते आत्ताच पुरं करून घेण्यात शहाणपण आहे.

ते कसं करायचं, ते नीट वाचा. आधी यंत्र उलटं करून बॅटरीचं झाकण बघा. फुगलं असेल तर चार्जिंगला लावू नका, बॅटरी बदला. थ्रीडीएसचा चार्जर हरवला असेल तर डीएसआयचा चालतो. मग वाय-फाय. थ्रीडीएस आणि व्हिटा दोन्हींना फक्त २.४ गिगाहर्ट्झचं नेटवर्क दिसतं. नवा राउटर केवळ ५ गिगाहर्ट्झवर किंवा केवळ डब्ल्यूपीए ३ वर असेल, तर यंत्र बिघडलं असा समज करून घेऊ नका. राउटरच्या सेटिंगमध्ये २.४ आणि डब्ल्यूपीए २ सुरू करा. जुन्या डीएसचे गेम आणि पीएसपी यांना डब्ल्यूपीए २ देखील कळत नाही, त्यांच्यासाठी राउटर ढिला ठेवून घरभराची सुरक्षा घालवू नका. पीएसपीचं अपडेट यूएसबीनंच करा. त्याला चार्जर जोडलेला आणि बॅटरी भरलेली, दोन्ही लागतं.

थ्रीडीएसवर आधी सिस्टिम सेटिंग्जमध्ये जाऊन 'अदर सेटिंग्ज'च्या शेवटच्या पानावरून यंत्राचं अपडेट करा. मग एकेक कार्ट्रिज खोचा आणि गेम उघडा. अपडेट बाकी असेल तर गेम सुरू होण्याआधी सूचना येते आणि ती तुम्हाला ई-शॉपमध्ये नेते. तिथे आकार 'ब्लॉक'मध्ये दाखवतात. आठ ब्लॉक म्हणजे एक एमबी, त्या हिशेबानं कार्डावर जागा आहे का बघा. उतरवणं चालू असताना झाकण मिटून यंत्र दप्तरात टाकू नका, पट्टी पूर्ण भरू द्या. सगळी कार्ट्रिजं झाली की यंत्र बंद करून एसडी कार्ड काढा आणि त्यातला 'निन्टेन्डो थ्रीडीएस' फोल्डर जसाच्या तसा संगणकावर कॉपी करून ठेवा. कार्ड उद्या मेलं तर नव्या कार्डावर हाच फोल्डर टाकला, की त्याच यंत्रात अपडेट परत येतात. दुसऱ्या यंत्रात येत नाहीत, हे ध्यानात असू द्या.

व्हिटावर गेमच्या पानावर वर गोल बाणाचं चिन्ह असतं, ते दाबलं की नवं अपडेट आहे का ते कळतं. खात्याला दोन टप्प्यांची पडताळणी लावली असेल, तर नेहमीचा पासवर्ड तिथे चालत नाही. खात्याच्या पानावरून यंत्रासाठीचा वेगळा पासवर्ड काढून तो घालावा लागतो. व्हिटाची मेमरी कार्डं सोनीचीच, वेगळ्या घडणीची आहेत आणि ती आता दुर्मीळ होत चालली आहेत. म्हणून संगणकावर बॅकअप घेण्यात चालढकल नको. सर्व्हर बंद झाल्यावर हे करायला जाणं म्हणजे वरातीमागून घोडं.

आणि कंपन्यांना जे सांगायचं ते मोजक्या शब्दांत. बंद करण्याची तारीख निदान वर्षभर आधी जाहीर करा. प्रत्येक गेमचं शेवटचं अपडेट सहीसह, कायमचं, फाइल म्हणून द्या. एका यंत्रातून दुसऱ्या यंत्रात अपडेट देण्याची वाट जुन्या कन्सोलवर शेवटच्या सिस्टिम अपडेटमधून उघडा. एवढं केलंत तर सर्व्हर उद्या बंद करा, कुणी बोट दाखवणार नाही.

वाचकांनो, २०२१ मध्ये लोक बोलले म्हणून व्हिटाचं दुकान वाचलं. तेव्हा या रविवारी घरातले जुने कन्सोल बाहेर काढा, अपडेट घालून घ्या, बॅकअप करा, आणि ज्या कंपनीचा गेम घेतला आहे तिच्या ग्राहक सेवेला चार ओळी लिहून शेवटच्या अपडेटची फाइल मागा. पैसे पूर्ण दिले आहेत, माल पूर्ण मागा.